वरची आळी

शहरातल्या हॅवाना नावाच्या रस्त्यावरच्या चौकात दिवा हिरवा झाला, तेव्हा ओफेलिया अर्चुलेटा त्याच्याकडे नुसती पाहत राहिली. दिवा दिसत होता. तो हिरवा आहे हेही कळत होते. परंतु त्या हिरवेपणाचे आपण काय करायचे असते, हे काही केल्या उमगेना. विसरल्यासारखेही वाटले नाही. विसरलेल्या गोष्टीची निदान एक रिकामी जागा मागे राहते आणि पडलेल्या दाताच्या खळग्यात जीभ फिरावी तसे मन तिथे फिरत राहते. इथे खळगाच नव्हता. दिवा होता, ती होती, आणि दोघांचा एकमेकांशी काही संबंध नव्हता. डाव्या हाताला, पदपथाच्या कडेला, जाळीचे पिंप गॅसच्या ज्वाळांवर गरगर फिरत होते आणि त्यात हिरव्या मिरच्या भाजल्या जात होत्या. ऑगस्टमध्ये साऱ्या शहरभर सुटणारा तो करपट, गोडसर वास गाडीत भरला होता. आई घरी मिरच्या सोलत बसली असेल, असे ओफेलियाला अगदी स्वाभाविकपणे वाटून गेले. मग मागच्या गाडीने भोंगा वाजवला आणि तिच्या पायाने, तिला न विचारता, आपल्या अकलेने गाडी पुढे काढली. आईला जाऊन अकरा वर्षे झाली आहेत, हे चौक ओलांडल्यावर तिच्या ध्यानात आले.

पुढच्या चौकात दिवा लाल होता. ती थांबली. हिरवा झाला. ती निघाली. त्याच्या पुढच्याही चौकात सगळे यथास्थित झाले. तिला बरे वाटले नाही. उलट ती अधिकच सावध झाली, कारण हा पडताळा आपण कोणत्या सवयीने घेत आहोत हे तिने ओळखले होते. तिचा सारा जन्म पाहण्याच्या व्यवसायात गेला होता, आणि त्या व्यवसायाचा पहिला नियम असा, की एकदाच दिसले ते दिसले असे धरायचे नाही. उंच ढगाच्या माथ्यावर सूर्य अमुक एका कोनातून पडला, की खालून आग उठल्यासारखा लखलखाट होतो. तो उपग्रहाच्या एका फेरीत दिसतो, पुढच्या फेरीत नसतो. खरी आग पुढच्या फेरीत पुन्हा दिसते, आणि थोडी सरकलेली दिसते. तेव्हा दुसऱ्यांदा पाहायचे, तिसऱ्यांदा पाहायचे, आणि मग आपला शब्द द्यायचा. मघाचा प्रकार हा ढगावरचा उजेड होता का? पण ढगावरच्या उजेडाला निदान सूर्य तरी असतो. याला काय होते? आणि जे यंत्र पाहते तेच यंत्र स्वतःला कसे तपासणार? हा प्रश्न तिने पुष्कळ वेळा सभेत, टेबलावर बोट आपटून, इतरांना विचारला होता. आज तो आपल्याच गाडीत, आपल्याच शेजारच्या आसनावर येऊन बसला आहे, हे तिला मुळीच रुचले नाही.

शहराच्या पूर्वेला, जिथे घरे संपतात आणि पिवळ्या गवताचे माळरान सुरू होते, तिथे लष्कराच्या तळावरचे पांढरे घुमट लांबूनच दिसू लागतात. त्यांच्यातल्या एका घुमटाखाली टियाशी बोलणारी अँटेनाची थाळी होती. टिया म्हणजे स्पॅनिशमध्ये मावशी. कागदोपत्री तिला नुसता क्रमांक होता. हे नाव ओफेलियाबरोबर काम करणाऱ्या रूबेनने दिले. विषुववृत्तावर, फार फार उंच, पृथ्वीच्याच गतीने फिरणारा आणि म्हणून आकाशात एकाच जागी खिळल्यासारखा राहणारा हा उपग्रह, मान किंचित वाकडी करून स्वतःभोवती गिरक्या घेत, अर्ध्या जगावर नजर ठेवून असे. कोणी क्षेपणास्त्र उडवले की त्याच्या शेपटीची धग तिला जाणवे आणि ती तत्काळ खाली कळवी. "आमच्या आंतोनीतो गावच्या गल्लीत अशीच एक मावशी होती," रूबेन सांगे. "दिवसभर खिडकीत. कोणाची चूल कधी पेटली, सगळं हिला ठाऊक. फक्त आमची मावशी अर्धं खोटं सांगायची." टिया खोटे सांगत नसे. ती चुकीचेही सांगत नसे. ती फक्त ऊब सांगे. ती ऊब कशाची, हे खालच्या माणसांनी ठरवायचे. त्यासाठी शब्द ठरलेले होते. मोठा भरवसा, मधला भरवसा, थोडा भरवसा, भरवसा नाही. यांतला एक शब्द मिनिटाच्या आत उच्चारावाच लागे. "सांगता येत नाही" असा शब्द त्या यादीत नव्हता, आणि आपल्या घरातही ओफेलियाने तो कधी चालू दिला नाही. डॅरेलने लग्नाचे विचारले तेव्हा ती "मधला भरवसा" म्हणाली होती. तो हसला होता, आणि पुढे जे झाले त्यावरून तिचा अंदाजच बरोबर ठरला.

तीन वर्षे चालली तरी पुष्कळ, म्हणून टियाला वर सोडले होते. ती वीस वर्षांहून अधिक चालली. आखातातल्या युद्धाच्या वेळी तिकडे रात्र असे आणि इकडे दुपारच्या जेवणाची वेळ. डब्यातली घडी घातलेली पोळी हातात तशीच राही आणि पडद्यावर वाळवंटाच्या मधोमध एक ठिणगी उमटे. ओफेलिया तेव्हा पहाऱ्याच्या खुर्चीत होती. तिने "मोठा भरवसा" म्हटले, कोणीतरी कोणालातरी कळवले, आणि कुठल्यातरी शहरात भोंगे वाजले. त्या ठिणग्या कुठे पडल्या, कोण वाचले, कोण नाही, हे तिला कोणी सांगितले नाही. तिनेही विचारले नाही. नंतर ती पहाऱ्यावरून टियाच्या देखभालीकडे आली, आणि जगाला पाहणाऱ्या त्या बाईला पाहणे हेच तिचे काम झाले. टियाच्या बॅटऱ्या कधी दमतात, सावलीच्या दिवसांत ती कशी गारठते, कोणत्या तापमानाला तिची कोणती झडप अडते, हे तिला शरीरातून कळावे तसे कळे. मार्चमध्ये आणि सप्टेंबरमध्ये पृथ्वीची सावली रोज थोडा वेळ टियावर पडते, त्या दिवसांत ओफेलियाच्या बोटांची टोके गार पडत. हे तिने कोणाला सांगितले नव्हते. कोणी हसले असते असे नव्हे. परंतु काही गोष्टी सांगितल्या की मग त्या खऱ्या आहेत का, हे तपासावे लागते.

आजची सभा टियाच्या मरणाची होती. तिथे वर, जिथे हे सगळे उपग्रह एका ओळीत बसलेले असतात, तिथे जागेची फार टंचाई. म्हातारा झालेला उपग्रह तिथेच मेला तर तो मुडदा होऊन ओळीतून तरंगत सुटतो, दुसऱ्यांच्या अंगावर जातो. म्हणून अंगात त्राण आहे तोवरच त्याला शेवटचा जोर लावून आणखी वर ढकलायचे, जिथे कोणी राहत नाही अशा कक्षेत नेऊन सोडायचे, ही रीत. त्या जागेला इथली मंडळी वरची आळी म्हणत. पण वर जायला इंधन लागते, आणि टाकीत इंधन किती उरले आहे हे कोणालाही ठाऊक नसते. जिथे वजनच नाही तिथे पातळी कसली? टाकीच्या दाबावरून हिशेब केला तर टियाजवळ पुष्कळ होते. आजवरच्या खर्चावरून हिशेब केला तर जेमतेम वर चढण्यापुरते. या दोन आकड्यांच्या मध्ये कुठेतरी सत्य होते आणि ते कुठे, हे ओफेलिया सांगे. गेली कित्येक वर्षे तिनेच सांगितले होते, आणि तिने सांगितले की वाद संपे. गेल्या आठवड्यात तिने ठणकावून म्हटले होते, की अजून ठेवा. येता हिवाळा ती सहज काढील.

आईनेही असेच ठणकावून सांगितले असते. एउफेमिया अर्चुलेटा. सॅन लुईस खोऱ्यात पाटाच्या पाण्याची पाळी ठरवणारी पहिली बाई. जिच्यापुढे भलेभले शेतकरी टोपी हातात घेऊन उभे राहत. एके दिवशी शब्द न सापडून ती पाटाच्या फळीला "ते अडवायचं" म्हणाली. ओफेलियाने ते ऐकले आणि सोडून दिले. एकदाच दिसले होते. मग एकदा मिरच्यांच्या रश्श्यात मीठ दोनदा पडले. आई म्हणाली, "मी दमलेय." तिने कोणाला काही सांगितले नाही, कारण सांगण्याचा अधिकार तिचा होता आणि ऐकण्याचा इतरांचा; उलट दिशेने ते पाणी कधी वाहिलेच नव्हते. मग एका रविवारी ती ट्रक चालवत चर्चला निघाली, शेजारी नात बसलेली, आणि वळणावर ट्रक सरळ पाटात गेला. पोरीचा हात मोडला. आई पाण्यात ताठ उभी राहून म्हणत होती, "इथं पूल होता. कोणी काढला?" तिच्या आवाजात एवढा अधिकार होता, की जमलेल्यांपैकी दोघांनी खरोखरच पुलासाठी आजूबाजूला पाहिले. ओफेलियाला त्या दिवशी मुलीच्या हातापेक्षा त्या दोघांची भीती वाटली होती. का वाटली, हे तिला आज, सभेच्या खोलीचे दार ढकलताना, पहिल्यांदा कळल्यासारखे झाले. आणि खुर्चीत बसेपर्यंत ते पुन्हा निसटले.

"शेवटचा शब्द तुमचा, ओफेलिया," मेजर विन्स्लो म्हणाल्या. त्या चाळिशीच्या, नीटस, कमी बोलणाऱ्या बाई. या तळावर येऊन त्यांना वर्षही झाले नव्हते. "सावलीचे दिवस लागायच्या आत ठरवायला हवं. ठेवायची की वर न्यायची?"

"ठेवायची! यात विचारायचं काय, मेजरबाई?" रूबेन माएस्तासने पाय लांब केले. तो ओफेलियाच्या गावचा, तिच्याबरोबरच नोकरीला लागलेला, तिच्या मुलीचा धर्मपिता आणि त्या नात्याने तिला कोमाद्रे म्हणणारा. "दोन हिवाळे काढील ती. म्हातारी आपल्या सगळ्यांना पोचवून मग जाईल."

"वर न्या," ओफेलिया म्हणाली.

"आँ? अगं कोमाद्रे, गेल्या आठवड्यात माझ्या डोक्यावर बसून कोण भांडत होतं? ठेवायची म्हणून?"

"मीच."

"मग आठवडाभरात इंधन सांडलं कुठं?"

"सांडलं नाही."

"कारण लागेल मला," मेजर म्हणाल्या. "मलाही वर कोणीतरी विचारणार आहे."

कारण होते. तिच्याजवळ नेहमी असे. बॅटऱ्यांचे वय, अडणारी झडप, यांतले कोणतेही सांगितले असते तरी ते खोटे ठरले नसते. सर्वांनी माना डोलावल्या असत्या. नेमके तेच तिच्याने होईना. त्या माना तिला आधीच दिसू लागल्या, आणि त्यांच्यात पाटाकाठी पूल शोधणारे ते दोघे दिसले. तिने हात टेबलावर सपाट ठेवले. "आज सकाळी हॅवानाच्या चौकात हिरवा दिवा लागला," ती म्हणाली, "आणि मला तो कशासाठी असतो ते कळेना."

मग रूबेन मोठ्याने हसला. "हॅवानाच्या चौकात कोणाला काय कळतंय! मी तर तिथं लाल असला तरी जातो!" सगळे हसले, सुटल्यासारखे हसले. ते हसू तिच्यासाठी पसरलेले जाजम आहे, तिने फक्त त्यावर पाय ठेवायचा आहे, हे तिला दिसत होते. तिने पाय ठेवला नाही. मेजर हसल्या नव्हत्या.

"हा अहवाल उपग्रहाबद्दलचा आहे," त्यांनी विचारले, "की तुमच्याबद्दलचा?"

"तेच कळत नाहीये, मेजर. कळलं असतं तर तेवढाच दिला असता."

"मी तुम्हाला आत्ता घरी जायला सांगितलं तर?"

"तर जाईन. पण मग माझा गेल्या आठवड्याचा शब्द धरायचा की आजचा, ते तुम्हाला ठरवावं लागेल. दोन्ही एकाच बाईचे आहेत, असं मी तरी छातीठोक सांगणार नाही."

"आणि उद्या बरं वाटलं तर?"

"वाटेलच. आत्ताही वाटतंय. म्हणून तर सांगून टाकलं."

मेजरनी खिडकीतून घुमटांकडे पाहिले. मग म्हणाल्या, "वर नेऊ. चढाई तुम्हीच करायची. रूबेन शेजारी बसतील आणि प्रत्येक आज्ञा दोघांनी वाचायची. आणि तुम्ही डॉक्टरांकडे जायचं आहे. ही विनंती नाही."

बाहेर आल्यावर रूबेन तिच्या पुढे जाऊन उभा राहिला. "हे काय केलंस गं तू? आपली भाकर तूच चुलीत घातलीस. एक दिवा! एक फुटका दिवा!"

"तुला काय, तू लालमध्येही जातोस."

"थट्टा केली मी. तुला वाचवायला."

"ठाऊक आहे. पुन्हा वाचवू नकोस."

डॉक्टर तरुण होती. तिने ओफेलियाला घड्याळाचे चित्र काढायला लावले, मागे मोजायला लावले, पाच शब्द ऐकवून थोड्या वेळाने पुन्हा विचारले. ओफेलियाने सगळे बिनचूक केले आणि करताना तिला राग येत होता, बिनचूकपणाचाच राग. शेवटी डॉक्टर म्हणाली, "एकदा झालेल्या प्रकारावरून काही सांगता येत नाही. सहा महिन्यांनी पुन्हा पाहू." ओफेलिया तिच्याकडे टक लावून पाहत राहिली. आपल्या व्यवसायाचा नियम या पोरीने कुठून उचलला, असे तिला विचारावेसे वाटले. सहा महिने! टिया तेवढ्या वेळात किती गिरक्या घेते. आणि या मुलीला दुसऱ्या नजरेसाठी सहा महिने लागतात.

चढाई सुरळीत झाली. एक जोर इकडून, मग अर्ध्या फेरीनंतर दुसरा जोर तिकडून. प्रत्येक आज्ञा रूबेन मोठ्याने वाचे, ओफेलिया मोठ्याने वाचे, आणि मग ती पाठवली जाई. टिया एखाद्या आज्ञाधारक मुलीसारखी वर वर गेली. ओफेलियाला तिचा अभिमान वाटला आणि लगेच असेही वाटले, की हिने थोडा हट्ट करायला हवा होता. वरच्या आळीत पोचल्यावर एक काम उरते. टाकीत राहिलेले इंधन बाहेर सोडून ती रिकामी करायची, नाहीतर मेलेल्या देहात ते कधीतरी फुटायचे. समोरासमोरच्या झडपा उघडायच्या आणि दाब उतरताना पाहत बसायचे. ओफेलियाच्या त्या दिवशीच्या शब्दाप्रमाणे इंधन थोडेच उरले असायचे आणि हे काम लवकर आटोपायला हवे होते.

ते आटोपेना. दाब उतरत होता, पण म्हातारे माणूस जिना उतरते तसा. दुपार झाली. फाटकाशी खाण्याची गाडी येते तिच्यातून कोणीतरी बुरितो आणले. ते खाऊन झाले, कागद चुरगळून झाले, आणि टिया अजून श्वास सोडतच होती. खोलीत जमलेली माणसे पडद्याकडे पाहत होती आणि ओफेलियाकडे न पाहण्याची काळजी घेत होती. एक हिवाळा. दोन हिवाळे. रूबेन काहीच बोलत नव्हता. रूबेनसारखा माणूस गप्प बसतो, तेव्हा त्याला किती दया आली आहे हे मोजता येते. तर मग गेल्या आठवड्यातली ओफेलिया बरोबर होती. ती बाई आता कुठे होती? तिच्या खात्रीचा ओफेलियाला हेवा वाटू लागला, जसा धाकट्या, देखण्या बहिणीचा वाटावा. जिला दिवा कळला नाही, तिच्या सांगण्यावरून एका धडधाकट जीवाला वर नेऊन रिकामे केले जात होते. पण जिला दिवा कळला नाही, तिने तसे सांगितले तरी होते; ती जी खात्रीची होती, तिने हे कधी सांगितले असते? बरोबर असणे आणि भरवशाचे असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत का? विचार इथवर येई, आणि मग त्या चौकातल्यासारखा थांबून पुढे काय करायचे असते ते विसरून जाई. तिला आपण दोषी आहोत असे वाटत नव्हते, निर्दोष आहोत असेही वाटत नव्हते. फक्त दाब उतरत होता, आणि तो उतरेपर्यंत तरी कोणाला काही ठरवायचे नव्हते, याचा तिला आधार वाटत होता.

उन्हे कलली तेव्हा टाकी रिकामी झाली. मेजर येऊन मागे उभ्या राहिल्या. "तुम्ही द्यायची, की मी?" त्यांनी विचारले. शेवटची आज्ञा टियाचा आवाज बंद करण्याची होती. इतर प्रत्येक आज्ञा वर पोचताच उपग्रह उत्तर देतो, ऐकले म्हणून. या एकाच आज्ञेला उत्तर नसते. पाळली गेली, तर काही ऐकू येत नाही.

"मीच देते," ओफेलिया म्हणाली. रूबेनने आज्ञा वाचली. तिने वाचली. पाठवली.

पडद्यावरचा उंच, सरळ काटा, जो इतकी वर्षे त्याच जागी उभा असलेला तिने पाहिला होता, तो गेला. मेजरनी तिच्या खांद्यावर क्षणभर हात ठेवला, आणि तळावरच्या लोकांना ठाऊक असलेल्या त्या अवघडलेल्या पावलांनी एकेक जण निघून गेला. रीत अशी, की यानंतर घटकाभर कोणीतरी बसून राहायचे आणि काही येत नाही ना, याची खात्री करायची. ओफेलिया बसली. रूबेन बसला. पडद्याच्या तळाशी नुसती खरखर उरली होती. आकाशाची, थाळीची, तारांची, कोणाचीही नसलेली. इथली मंडळी तिला गवत म्हणत. ते गवत बाहेरच्या माळासारखे सारखे हलत होते. आणि मग त्याच जागी, जिथे तो काटा असायचा, एक पाते इतरांपेक्षा जरासे उंच झाले. खाली गेले. पुन्हा झाले, किंवा झाले नाही. ओफेलिया पुढे वाकली. आता तिला दिसत होते. आता दिसत नव्हते. हे पडद्यावर आहे की माझ्यात आहे, हे कळण्याचा एकच मार्ग होता. तिने पडद्यावरची नजर काढली आणि रूबेनच्या चेहऱ्याकडे पाहिले.

रूबेन पडद्याकडे पाहत नव्हता. तो तिच्या चेहऱ्याकडे पाहत होता. डोळे बारीक करून, ओठ किंचित उघडे ठेवून, परीक्षेत शेजारच्याच्या वहीत पाहावे तसा. किती वेळ पाहत होता कोण जाणे. किती वर्षे, असेही तिच्या मनात आले. नजर भेटताच त्याने ती घाईघाईने वळवली, आणि त्याच्या जाड मानेवर लाली चढली.

समोरच्या यंत्रातून नियंत्रण कक्षाचा आवाज आला. तिकडच्या मुलीने विचारले, काही दिसते आहे का.

रूबेनने बटणावर बोट ठेवले, पण दाबले नाही. "काय सांगू?" तो हळूच म्हणाला.

"सांग, दिसत नाही."

"दिसत नाही," तो म्हणाला, आणि थोडा थांबला. "कोणाला म्हणून सांगू, कोमाद्रे? तुला, की मला?"

ओफेलियाने आपली खुर्ची त्याच्या खुर्चीला टेकेपर्यंत ओढली.

"दोघांना," ती म्हणाली. "दोघांना म्हणून सांग."